जुन्या पत्त्यावरचं गाव

१

दुपारचं जेवण झालं की चंद्रावतीबाई पदराला हात पुसत कॉम्प्युटरसमोरच्या खुर्चीत येऊन बसायच्या आणि म्हणायच्या, "लाव रं गाव." मग त्यांचा थोरला मुलगा केतन गाव लावायचा. घरतांच्या घरात हे इतकं अंगवळणी पडलं होतं, की त्यात काही जगावेगळं आहे हे कुणाच्या ध्यानीमनीही नसायचं. इतरांच्या घरच्या म्हाताऱ्या दुपारी मालिका बघतात, यांच्या घरची गाव बघते, एवढाच काय तो फरक.

गाव म्हणजे खाजणपाडा. खाडीकाठचं, मिठागरांच्या बांधाला चिकटून वसलेलं. विमानतळाच्या कामात ते उठलं, लोकांना पनवेलजवळ भूखंड मिळाले, केतनने भूखंडावर दुमजली घर बांधलं, खालचा गाळा एका कुरिअरवाल्याला भाड्याने दिला. सगळं रीतसर झालं. केतन कनिष्ठ महाविद्यालयात वाणिज्य शिकवायचा, त्यामुळे रीतसर झालेल्या गोष्टींवर त्याचा फार विश्वास. पण नव्या घरात आल्यावर आईची स्मृती सुटत चालली. चहा प्यायल्याचं विसरायची, मनस्वीचं, म्हणजे सुनेचं, नाव विसरायची, आणि दिवेलागणीला पिशवी भरून दाराशी उभी राहायची. "चल, मला घरी सोड," म्हणायची. हेच घर आहे हे तिला कुणी कितीही सांगितलं तरी पटायचं नाही.

उपाय सापडला तो धाकट्या परेशच्या रिकामपणच्या उद्योगात. परेश मालवाहू जहाजावर इलेक्ट्रिशियन. गाव पडायच्या आधी त्याने घरन्‌घर हिंडून फोटो काढले होते, आणि एका सुट्टीत, मित्र गोव्याला गेले असताना, शेतीच्या एका कॉम्प्युटर गेममध्ये अख्खा खाजणपाडा उभा केला होता. मूळ गेममध्ये नसलेली अशी भर कुणालाही घालता येते. तिला मॉड म्हणतात, आणि ती भर गेमला नेऊन जोडतं ते सॉफ्टवेअर म्हणजे मॉड मॅनेजर. आधी मॅनेजर उघडायचा, त्यात गेमचं नाव दिसायचं, त्यावर क्लिक केलं की पडद्यावर घरतांचा ओटा यायचा. समोर चिंच, डावीकडे गोदू म्हात्रेणीचं कौलारू घर, मागे मिठागरांच्या पांढऱ्या चौकटी. सगळं जिथल्या तिथे, फक्त माणूस एकही नाही.

चंद्रावतीबाईंना ते पुरायचं. त्या तासन्‌तास बघत बसायच्या, मधूनच पडद्याशी दोन शब्द बोलायच्या, आणि संध्याकाळी पिशवी भरायचं विसरून जायच्या. डॉक्टरांनीही सांगितलं, बोलू द्या, त्यात काही बिघडत नाही. केतन शेजारच्या टेबलावर पेपर तपासायचा. आई समोर आहे, शांत आहे, आणि आपल्याकडे पाठ करून का होईना, आनंदात आहे, याचं त्याला बरं वाटायचं.

त्या दुपारी केतनने मॅनेजर उघडला आणि त्यात गेमचं नावच नव्हतं. रिकाम्या खिडकीत इंग्रजीत एक ओळ होती: एकही इन्स्टॉल केलेला गेम सापडला नाही.

२

घाबरण्यासारखं काहीच नव्हतं. कॉम्प्युटर संथ झाला म्हणून आदल्याच दिवशी, रविवारी, केतनने तो नझीरच्या दुकानात नेला होता. नझीर त्याचा शाळेपासूनचा दोस्त, जुन्या बाजारात त्याचं दुरुस्तीचं दुकान. त्याने जुनी डिस्क काढून नवी बसवली, जुनीवरचं सगळं नवीवर उतरवून दिलं. त्यात काहीतरी इकडचं तिकडे झालं असणार. गेम तर होता. त्याचा फोल्डर दिसत होता, त्यातली फाइल थेट दाबली की तो सुरूही होत होता. पण परेशच्या गावाशिवाय. समोर कुठल्याशा परदेशातली गव्हाची शेतं आणि लाल ट्रॅक्टर.

चंद्रावतीबाईंनी ट्रॅक्टरकडे बघितलं, मग केतनकडे. "यो कोनाचा गाव?" त्यांनी विचारलं.

"थांब आई, लावतो."

त्याने मॅनेजर काढून पुन्हा घातला. कॉम्प्युटर बंद करून चालू केला. मग यूट्यूबवरच्या एका पोऱ्याने सांगितलेले सगळे उपाय, पोऱ्याच्याच क्रमाने, करून पाहिले. मॅनेजरची हिरवी पट्टी डावीकडून उजवीकडे सरकत जायची, सगळी डिस्क धुंडाळायची, आणि शेवटी तीच ओळ. समोर ठेवलेली वस्तू बघूनही नाही म्हणणाऱ्या माणसाचा यावा तसा केतनला त्या सॉफ्टवेअरचा राग आला. असा राग त्याला हल्ली आईचाही यायचा, आणि मग स्वतःची लाज वाटायची.

दुसऱ्या दिवशी तो कॉलेजात असताना आई जिना उतरून गेली. कुरिअरवाला पार्सलं मोजण्यात गर्क होता. एसटी स्टँडच्या बाहेर, रिक्षांच्या रांगेपाशी ती सापडली. पिशवी छातीशी धरून ती एकेका रिक्षावाल्याला विचारत होती, खाजणपाड्याला येतोस काय रं. एका म्हाताऱ्या रिक्षावाल्याने तिला बसवून पाणी दिलं होतं आणि तिच्या पिशवीतल्या डायरीतला नंबर बघून मनस्वीला फोन केला होता.

"आजी, तिथं आता कंपाउंड हाय, पत्रं मारलेत," तो तिला समजावत होता.

"पत्रं असू दे. माझं घर आतच हाय ना?" चंद्रावतीबाई म्हणाल्या.

संध्याकाळी मनस्वीने तो विषय काढला, जो ती काढणार हे केतनला ठाऊक होतं. ती खारघरला एका ऑफिसात नोकरीला होती, आणि तिच्या ऑफिसच्या मागेच वृद्धांचं एक केअर सेंटर होतं.

"मी हौसेने बोलत नाहीये, केतन. आज ते रिक्षावाले काका चांगले निघाले. उद्या हायवेवर गेल्या तर?"

"गेम चालू झाला की बसेल ती."

"आणि नाही झाला तर?"

एकदा तिथे ठेवली की आई आपली राहणार नाही, तिला अजून ओळखू येणाऱ्या चार चेहऱ्यांतला आपला चेहराही पुसला जाईल, याची केतनला खात्री होती. तिला घरात ठेवायचं तर ते गाव परत लागायलाच हवं होतं.

३

"पत्ता चुकलाय," नझीर फोनवर म्हणाला. "मॅनेजर डिस्क बघत नाय रे आधी. विंडोजच्या पोटात एक नोंद असते, गेम कुठं ठेवलाय त्याची. ती अजून जुन्या डिस्कवर बोट दाखवतेय. तू घर बदललंस, पण पोस्टात कळवलं नायस. नवा पत्ता घाल, बस."

त्याने सांगितल्याप्रमाणे केतनने नवा पत्ता घातला. मॅनेजर उघडला. हिरवी पट्टी सरकली, आणि या वेळी खिडकीत गेमचं नाव आलं.

दोनदा आलं.

एका नावाखाली नव्या डिस्कचा पत्ता होता. दुसऱ्याखाली जुनीचा. केतनने फारसा विचार केला नाही. जुन्या नोंदी मागे राहतात, रेशनकार्डावर नाही का मेलेली माणसं वर्षानुवर्षं जेवत. त्याने नव्यावर क्लिक केलं. ओटा आला, चिंच आली, गोदूचं घर आलं. त्याच्या जिवात जीव आला.

"आई, ये. लागलं गाव."

चंद्रावतीबाई येऊन बसल्या. बराच वेळ त्यांनी पडद्याकडे बघितलं. मग खुर्चीच्या हातांवर भार देऊन उठल्या. "यो आपला नाय," त्या म्हणाल्या.

"अगं, असं काय करतेस? हा बघ ओटा. ही चिंच."

"तसाच हाय. पन इथं कोन नाय." आणि त्या पिशवी शोधायला आतल्या खोलीत गेल्या.

तिथे पूर्वीही कोण नव्हतंच, असं केतनच्या तोंडावर आलं होतं. आत पिशवीची चेन लावल्याचा आवाज आला. मग केवळ हातातलं सगळं करून झालं म्हणून, अपेक्षा काहीच नसताना, त्याने दुसऱ्या नोंदीवर क्लिक केलं. ती डिस्क कॉम्प्युटरमध्ये नव्हतीच. नझीरने ती त्याच्या डोळ्यांदेखत स्क्रू सोडून बाहेर काढली होती. त्यामुळे फार तर काहीतरी चुकल्याची सूचना यायला हवी होती.

ओटा आला.

४

पहिल्यांदा केतनच्या लक्षात आलं ते सूप. ओट्यावर, उंबऱ्याच्या डाव्या हाताला, भिंतीला टेकवून ठेवलेलं. मग वळणीवर पसरलेलं लुगडं. गोदूच्या अंगणात चटईवर सुकत घातलेली मासळी, आणि कौलांमधून निघणारा धूर, स्वयंपाकाच्या वेळी निघतो तसा, आळसावलेला. घराचं दार नेहमी बंद असायचं, ते थोडं उघडं होतं.

आईची पावलं त्याच्या मागे येऊन थांबली. पिशवी जमिनीवर ठेवल्याचा आवाज झाला.

"आता कसा," चंद्रावतीबाई म्हणाल्या, आणि खुर्चीत बसल्या. चेहरा असा सैल झाला, की केतनला ती चाळिशीतली दिसली. "गोदू, बोंबील उचल गो, कावला बसलाय."

अंगणात कुणी दिसत नव्हतं. केतन पेपर घेऊन बाजूला बसला आणि त्याने मनाची समजूत घालायला घेतली. परेशने कधीतरी नवी आवृत्ती केली असेल, ती या नोंदीखाली राहिली असेल. कॉम्प्युटर बऱ्याच गोष्टी तात्पुरत्या स्मरणात ठेवतो, त्यातून हे उघडत असेल. ही सगळी कारणं एकेकटी पटण्यासारखी होती. एकत्र केल्यावर मात्र त्याला एकही पटेना. त्याने मान वर करून पाहिलं, तेव्हा चटईवर मासळी नव्हती.

जहाज बंदराला लागलं तसा परेशचा फोन आला. आई मजेत आहे हे ऐकून त्याला बरं वाटलं.

"तू गावात सामान कधी घातलंस रे?" केतनने विचारलं. "कपडे, मासळी वगैरे?"

"सामान? नाय दादा. घरं करतानाच जीव गेला माझा."

"आणि माणसं?"

"माणसं करायला येतच नाय मला. एक करून बघितली होती, बाहुलीवाणी झाली, टाकून दिली. का रे?"

"काही नाही. सहज." फोन ठेवल्यावर केतनला वाटलं, आपण हे परेशला सांगायला हवं होतं. पण सांगितलं असतं तर परेश म्हणाला असता, बंद कर. आणि बंद केलं की खारघर.

५

त्यानंतरचे दिवस खरोखर चांगले गेले, हे नंतर केतनला फार लागलं. आई कुठे निघून गेली नाही. रडली नाही. तिला जुनी गाणी आठवायला लागली, हळदीतली, गोदूबरोबर म्हटलेली. मनस्वीने केअर सेंटरचा विषय सोडला आणि रविवारी पुरणपोळ्या केल्या. चंद्रावतीबाईंनी पोळीचा तुकडा मोडला आणि ताट सरकवलं.

"मी जेवले."

"कुठे जेवलात, आई?"

"गोदूकडं. निवट्यांचं कालवण होतं."

मनस्वी हसली. केतन हसला नाही. आई दुपारचंही जेवत नव्हती, रात्रीचंही नाही, आणि तरीही तिच्या गालांवर थोडं मांस चढलं होतं.

मग एके सकाळी मनस्वी आईचे केस विंचरता विंचरता थांबली. "केतन, जरा इकडे ये. वास घे."

आईच्या केसांना धुराचा वास येत होता. चुलीच्या धुराचा, ओल्या लाकडाचा, लहानपणी तिच्या कुशीत शिरलं की यायचा तोच. पनवेलच्या त्या घरात दोन शेगड्यांचा गॅस होता, आणि शेजारीपाजारीही चूल कुणाकडे नव्हती. तळोज्याकडून कधीकधी वारा कारखान्यांचा वास आणतो, असं केतन म्हणाला. मनस्वीने मग वाकून सासूच्या पायांकडे बोट दाखवलं. टाचांच्या भेगांत काळा चिखल वाळून बसला होता, खाडीकाठच्या खाजणातला, चिकट.

"त्या घराबाहेर गेलेल्या नाहीत," मनस्वी हळू आवाजात म्हणाली. "मी स्वतः कुलूप लावते."

त्या दिवशी तिने त्याला कॉम्प्युटर विकून टाकायला सांगितलं. केतन म्हणाला, बघू. त्याला मनातून वाटत होतं, की चिखल लागेना का, आई घरात तर आहे.

पण ती घरात असणंही कमी होत चाललं होतं. हाक मारली तर ओ यायला वेळ लागायचा, ती लांबून चालत आल्यासारखी. पडदा बंद असला तरी ती खुर्चीत बसून भिंतीकडे बघत कुणाशी तरी बोलायची, आणि बोलता बोलता हसायची. केतन समोर येऊन उभा राहिला, की हसू थांबायचं.

६

ज्या दुपारची केतनला आता रोज आठवण येते, त्या दुपारी त्याने आईसाठी चहा केला होता. आलं घालून, तिला आवडतो तसा. मॅनेजर उघडा होता, गेम नुकताच बंद केला होता. आई खुर्चीत.

"आई, चहा."

त्याने खांद्याला हात लावला. चंद्रावतीबाईंनी मान वळवून त्याच्याकडे बघितलं, दारात आलेल्या परक्या माणसाकडे बघावं तसं, सभ्यपणे.

"तुमी कोन?"

"आई, मी केतन."

"असंल," त्या म्हणाल्या. त्या एका शब्दात त्याला बरं वाटावं म्हणून केलेली तडजोड होती, आणि तीच त्याच्या वर्मी लागली. तिने परेशला ओळखलं नसतं तर चाललं असतं, मनस्वीला तर ती नावानेही ओळखत नव्हती. पण तिला न्हाऊमाखू घालणारा, तिच्यासाठी नोकरीच्या वेळा बदलून घेणारा, भावाशी खोटं बोलणारा तो होता. आणि तिकडे, नसलेल्या डिस्कवरच्या नसलेल्या गावात, तिला कावळासुद्धा ओळखीचा होता.

चंद्रावतीबाईंनी चहाकडे पाहिलं नाही. त्यांनी डोळे मिटले. "येते मी जरा," त्या म्हणाल्या. "भात ठेवलाय चुलीवर."

केतनने माउस हातात घेतला. नंतर त्याने मनस्वीला सांगितलं, की आईच्या काळजीने केलं, तुझंच म्हणणं ऐकलं. ते खरं नव्हतं. त्याला हेवा वाटला होता, आणि हेव्यापायी राग आला होता. दुसरी नोंद मुळात चुकीचीच होती, ती काढण्यात गैर काय, असं रीतसर कारणही हाताशी होतं. त्याने नोंदीवर जाऊन काढून टाका हे बटण दाबलं. मॅनेजरने विचारलं, नक्की? त्याने हो म्हटलं.

नाव गेलं. एकच उरलं.

"आई, झालं बघ. आता चहा घे."

आईचे डोळे उघडले होते. ती श्वास घेत होती. केतनने हाक मारली, पुन्हा मारली, तिचा हात हातात घेऊन मारली. हात ऊबदार होता. पण त्याच्या हाकेला ओ आली नाही, ती आजतागायत आलेली नाही.

७

दवाखाना झाला, मेंदूचे फोटो झाले. डॉक्टर म्हणाले, या आजारात असं होतं, कधीकधी अचानक होतं. भरवलं तर गिळते, उठवलं तर बसते. केसांना आता मनस्वी लावते त्या तेलाचाच वास येतो. खारघरला पाठवायचं कारण उरलं नाही, कारण खिडकीजवळच्या खाटेवर ठेवलं तर ती तिथेच असते. केतनला आई घरात हवी होती. ती घरात आहे.

केतन नझीरकडे धावला, ती जुनी डिस्क परत दे म्हणून. नझीरने ती भंगारात दिली होती.

"त्यात काय राहिलं होतं का, यार? मी सगळं उतरवून दिलं होतं. एक फाइल सोडली नाय."

"सगळंच उतरवलं होतंस," केतन म्हणाला. "तुझी काही चूक नाही."

परेशला त्याने शेवटी सगळं सांगितलं. परेश सुट्टी घेऊन आला, दोन रात्री आईच्या पायाशी बसला, आणि कॉम्प्युटर असलेल्या खोलीत एकदाही न शिरता परत गेला. जाताना म्हणाला, "दादा, तू मला विचारलं होतंस, माणसं घातलीस का म्हणून. तेव्हाच बोलायचंस ना रे." केतनला या वाक्याचा अजूनही त्रास होतो.

आता त्याची दुपार वेगळी असते. आईला पेज भरवायची, तोंड पुसायचं, मग मॅनेजर उघडून त्याला शोधायला लावायचं. नवी नोंदही त्याने काढून टाकली आहे, म्हणजे दोन्ही परत येतील अशा आशेने. हिरवी पट्टी सरकते. एकही इन्स्टॉल केलेला गेम सापडला नाही. मग पुन्हा. मनस्वी यावर बोलायची थांबली आहे.

काल दुपारी पट्टी मध्येच थांबली.

केतनला वाटलं कॉम्प्युटर अडकला. मग स्पीकरमधून मोकळ्या जागेचा आवाज यायला लागला. कोंबड्या. कुणीतरी राखेने भांडं घासतंय. फार मागे, भरतीचं पाणी बांधाच्या झडपेतून, उघडीतून, आत शिरताना करतं तसली खळखळ. पडद्यावर मात्र मॅनेजरची रिकामी खिडकीच होती. त्याने वळून खाटेकडे पाहिलं. आई छताकडे बघत पडली होती, ओठ मिटलेले, हनुवटीवर पेजेचा ओघळ.

"केतन."

आवाज स्पीकरमधून आला. आईचा, भरलेला, धडधाकट.

खाजणपाड्यात पोरांना चालायला आलं की आधी एक गोष्ट शिकवत. हाक मारणारा दिसत नसेल तर ओ द्यायची नाही. पहिल्या हाकेला नाही, दुसऱ्यालाही नाही. तिसरी आली तरच माणूस समजायचं, कारण जे माणसाचं नसतं ते तीनदा हाक मारत नाही. एकदा पहिल्याच हाकेला ओ दिली म्हणून आईने त्याच्या पाठीत धपाटा घातला होता, आणि हाक मारणारी तीच होती. स्टाफरूममध्ये केतन हे किस्से रंगवून सांगायचा आणि सगळ्यांना हसवायचा. पण काल त्याचं तोंड आपोआप मिटलं. अंग शहाणं निघालं, किंवा भेकड.

"केतन. ये रं, जेवाया ये."

या वेळी जवळून. ओट्याच्या कडेला येऊन, डोळ्यांवर हात धरून हाक मारावी तशी. अजून एक, केतन मनात म्हणाला. आई, अजून एकदाच मार. त्याने दोन्ही हातांनी टेबल धरलं, ओठांवर ओ तयार ठेवली, आणि वाट बघितली.

तिसरी हाक आली नाही. अंगणातून कुणीतरी ओ दिली.

"ओ. आलो गं आई."

आवाज केतनचा होता. वर्गात तासभर बोलून किंचित बसलेला, शब्दाच्या शेवटी जरा उतरणारा, त्याचाच. मग ओट्यावर पावलं वाजली. जेवणाची पितळी जमिनीवर ठेवल्याचा आवाज आला. चंद्रावतीबाई काहीतरी म्हणाल्या, ते नीट ऐकू आलं नाही, आणि हसल्या. ते हसू तिथला केतन समोर आला तरी थांबलं नाही. मग दाराची कडी लागली.

हिरवी पट्टी पुढे सरकली, शेवटपर्यंत गेली. एकही इन्स्टॉल केलेला गेम सापडला नाही.

संध्याकाळी मनस्वी खारघरहून आली, तेव्हा घरात दिवा लागलेला नव्हता. खाटेवर सासूबाई छताकडे बघत पडल्या होत्या. केतन पडद्यासमोर बसला होता आणि थांबून थांबून, मोठ्याने, ओ देत होता. त्याला कुणीही हाक मारत नव्हतं.